शिवनेरीची शिंदळ माकुडी ऑनलाइन साडेचारशेला मिळतेय, घ्यावी का?

दांडियाबाजारकर
मंडळी, सरळ प्रश्न विचारतो, झाडंवाले आणि गडवाले दोघांनीही उत्तर द्या. माझ्या गच्चीवर सक्युलंटचा, म्हणजे पाणी साठवणाऱ्या जाडसर झाडांचा, पसारा आहे हे इथं बऱ्याच जणांना माहीत आहे, बायको त्याला काटेरी संसार म्हणते. परवा एका सक्युलंटच्या ग्रुपवर कोणीतरी टाकलं, 'फ्रेरिया इंडिका, शिवनेरी, व्हेरी रेअर, फक्त पाच पीस', भाव साडेचारशे, कुरिअर वेगळं, बडोद्याला तीन दिवसांत पोच. फोटोत वर्तमानपत्रावर ठेवलेल्या बोटाएवढ्या जाड करड्या-हिरव्या कांड्या, त्यातल्या दोघींच्या बुडाशी काळसर माती आणि एकीला दगडाचा टवका तसाच चिकटलेला. मला शिवनेरी हे नाव वाचूनच मोह झाला, खोटं कशाला बोलू. महाराजांच्या जन्मस्थानाचं झाड आपल्या बडोद्याच्या गच्चीवर, कल्पनाच भारी वाटली. पण मग वाटलं आधी इथं विचारावं. झाड खरं आहे का, आपल्याकडच्या मे महिन्यात टिकेल का आणि मुळात घ्यावं का?

ईशा_एमएससी
काका, पैसे पाठवले नसतील तर अजून पाठवू नका.

झाड खरं वाटतंय. ही शिंदळ माकुडी. जुनं नाव फ्रेरिया इंडिका, नव्या वर्गीकरणात बूसेरोशिया फ्रेरी लिहितात, झाड तेच. डाल्झेल नावाचा वनस्पती अभ्यासक इंग्रजांच्या काळात मुंबई इलाख्याच्या जंगल खात्यात होता, त्यानं १८६५ च्या सुमारास जुन्नर भागातल्या नमुन्यावरून तिचं वर्णन छापलं आणि त्या वेळचे मुंबईचे गव्हर्नर बार्टल फ्रिअर यांच्या नावानं अख्खी प्रजातीच केली. निसर्गात ती फक्त महाराष्ट्रात आहे, सह्याद्रीत, तीसुद्धा मोजक्या ठिकाणी आणि उभ्या कातळाच्या भेगांमध्ये.

आपल्या रुईच्या कुळातली आहे पण रुईसारखा पांढरा चीक नाही निघत, पाणीच निघतं. तिच्या जवळच्या नात्यातल्या माकडशिंगी वगैरे सगळ्या बिनपानाच्या, नुसत्या मांसल कांड्या. हिला मात्र पावसाळ्यात चांगली चपटी, खरीखुरी पानं येतात आणि म्हणूनच जगभरचे सक्युलंटवाले हिच्यामागे वेडे आहेत. पाऊस सरला की पानं गळून जातात आणि मग जूनपर्यंत कपारीतून त्या कांड्या तशाच लोंबत असतात, माहीत नसेल तर कोणी वळूनही बघणार नाही. १९८० च्या दशकात आययूसीएन या निसर्गसंवर्धनाच्या आंतरराष्ट्रीय संस्थेनं जगातल्या अतिशय धोक्यातल्या बारा वनस्पतींची यादी काढली होती, त्यात हिचं नाव होतं.

आणि काका, तो दगडाचा टवका. नर्सरीतल्या कांडीला टवका कुठून येणार?

ट्रेकवाला_पिंट्या
+१, टवक्याचं मी पण हेच म्हणणार होतो. पण एक सांगा, आमचा ग्रुप दरवर्षी शिवजयंतीला बडोद्याहून बस काढतो, सुरत, सापुतारा, नाशिक, संगमनेर, आळेफाटा करत पहाटे जुन्नर. इतक्या वेळा गड चढलो आणि हे फूल कोणालाच कसं दिसलं नाही?

जुन्नरची_लेक
दिसणार कसं पिंट्याभाऊ, तुम्ही जाता फेब्रुवारीत, ते फुलतं भाद्रपद-आश्विनात, जरा पुढंमागं. शिवाय तुम्ही पायऱ्यांनी सात दरवाजे करत वर जाता, ती असते कड्याला, दरीच्या अंगाला. माझं माहेर जुन्नर तालुक्यातलं, लग्न होऊन बडोद्याला आले, सासर प्रतापनगरला. माझ्या वडलांच्या पिढीत शेरडं वळणारी पोरं माकुडीच्या कांड्या मोडून खायची, चव विशेष काही नाही पण पाणीदार असते, उन्हातान्हात बरी वाटते. तेव्हा रेअर वगैरे कोणी म्हणत नव्हतं तिला. आणि आता साडेचारशेला एक कांडी! आमच्या गावात हा भाव कळला तर उद्या दोर लावून उतरतील पोरं, आणि त्यांना नावं ठेवायचं तोंड आपल्याला नाही.

हिशेबी
मला यातलं काही कळत नाही, पण हिशोब जुळत नाहीये. पोरं येताजाता मोडून खात होती म्हणजे हाताला लागेल इतकी होती. मग दुर्मिळ कशी? एक तर आधीचे लोक वाढवून सांगतायत नाहीतर आत्ताचे.

ईशा_एमएससी
दोन्ही खरं असू शकतं ने हिशेबीकाका. जिथं माणसाचा हात आणि शेळीचं तोंड पोचतं तिथली संपली, जिथं पोचत नाही तिथली उरली. आपण म्हणतो ही कड्यावर वाढणारी वनस्पती, मला तर कधीकधी वाटतं की कड्यावर हाकलली गेलेली वनस्पती म्हणावं. अर्थात कातळाची भेग तिला मानवते हे आहेच, पाणी साचत नाही, दुसऱ्या झाडांची गर्दी नाही, ऊन भरपूर. पण तिच्या नोंदी असलेल्या जागा बघा, शिवनेरी, पुरंदरजवळचा वज्रगड, सज्जनगड, भंडारदऱ्याच्या बाजूला रंधा धबधबा, महाबळेश्वर. म्हणजे गड नाहीतर धबधबा. सगळीकडं मधल्या उताराला चराई, वस्ती, रस्ता, आणि ही मात्र कडेला. दोन ठिकाणांच्या मध्ये कित्येक किलोमीटर काही नाही. एका कड्यावरची दरड कोसळली तर तिथल्या सगळ्या एका पावसाळ्यात जाऊ शकतात, आणि शेजारच्या डोंगरावरून बी उडून यायला शेजारी कोणी उरलेलंच नाही. तिला जोडशेंगा येतात, आतल्या बियांना रेशमासारखी शेंडी असते, वाऱ्यावर उडायची सोय आहे. पण उडून पडायचं कुठं?

नर्सरीवाला_अलकापुरी
मी थोडं उलटं बोलतो, चालेल ने? दगड मारू नका.

माझ्याकडे हे झाड आहे. एका जुन्या संग्राहकाकडून कांडी आली होती, त्यांची आई-कुंडी माझ्या डोळ्यांनी बघितलेली आहे, जंगलातलं नाही. आणि हे झाड कांडीपासून इतकं सहज लागतं की विचारू नका. कांडी तोडायची, जखम सुकेपर्यंत सावलीत ठेवायची, मग जाड वाळू, विटकरीचा चुरा आणि थोडं कुजलेलं खत अशा मिश्रणात खोचायची. बडोद्याच्या उन्हाळ्यात दुपारची जाळी लागते, थंडीत पाणी जवळजवळ बंद. ते मरतं आपल्या पावसाळ्यात, कुंडीत पाणी तुंबलं की बुडातून मऊ पडतं आणि दोन दिवसात खेळ खलास. युरोप-अमेरिकेत हौशी लोकांनी कित्येक दशकं ही लावलेली आहे, त्यांनी तिचे दुसऱ्या जातींशी संकरसुद्धा केलेत. पुण्याच्या बोटॅनिकल सर्व्हेच्या लोकांनी पण रोपं वाढवून परत डोंगरावर लावायचं काम केलंय.

माझा मुद्दा असा की नर्सरीतलं रोप शंभर-दीडशेला सगळीकडं मिळायला लागलं तर कड्यावरून उपटायला कोण जाईल? 'घेऊ नका घेऊ नका' म्हणत बसलो की भाव चढतो, भाव चढला की चोर जातो. मग वाढवून वाटून टाकणं चांगलं नाही का?

दांडियाबाजारकर
नर्सरीवाल्यांचं पटतंय मला. शेवटी झाड वाचलं म्हणजे झालं, कुंडीत का असेना.

ईशा_एमएससी
काका, इथंच माझं भांडण आहे. भावाचं गणित बरोबर आहे, ते मी मान्य करते. पण 'कुंडीत का असेना' हे नाही.

एक म्हणजे कुंडीतली हजार झाडं बहुतेक मूठभर आई-झाडांच्या कांड्या. म्हणजे हजार दिसतात, असतात चार-पाचच. दुसरं, कांडीनं झाड वाढतं, पिढी पुढं जात नाही. बी धरायला परका पराग लागतो, या गोतातल्या बऱ्याच जणी स्वतःच्या परागानं बी धरतच नाहीत. आणि पराग न्यायला माशी लागते.

नर्सरीवाल्या दादांनी फूल बघितलंच असेल. बाकीच्यांसाठी सांगते, कारण फोटोत हे कळत नाही. साधारण दोन सेंटिमीटरचं पाच कोनांचं चपटं चांदणं, रंग गडद किरमिजी, त्यावर पिवळसर ठिपके-पट्टे, प्रत्येक झाडाचे जरा वेगळे. पाकळ्यांच्या कडेला बारीक केस, जराशा वाऱ्यानं हलतात. नाक जवळ नेलंत तर सडका वास, कारण गिऱ्हाईक मधमाशी नाहीच, माशी आहे. माशी मधल्या भागावर बसते, सोंड नाहीतर पाय एका बारीक चिरेत जातो, ओढून काढताना त्याला कपडे वाळत घालायच्या चिमट्यासारखी एक इवलीशी क्लिप अडकते आणि त्या क्लिपला परागाच्या दोन पिवळ्या पिशव्या. मोकळी पावडर नाहीच, सगळा पराग पिशवीत. आता त्याच माशीनं दुसऱ्या फुलावर जाऊन ती पिशवी बरोबर दुसऱ्या चिरेत बसवली तरच शेंग. आणि ते दुसरं फूल दुसऱ्या झाडाचं हवं. पाच झाडं एका कड्यावर आणि पुढची पाच पलीकडच्या डोंगरावर असं झालं की माशी काय करणार बिचारी.

प्लेन टायगर फुलपाखराच्या अळ्यासुद्धा हिची पानं खातात. म्हणजे तिथं कड्यावर माशी, अळी, कातळ, धुकं असा सगळा गोतावळा आहे. अलकापुरीच्या कुंडीत तो येत नाही.

अण्णा_राजमहालरोड
ईशाबेटा, सुरेख लिहिलंस. आम्ही कॉलेजात हे परागपिशव्यांचं प्रकरण रुईच्या फुलावर बघितलं होतं, सुईनं चीर उचकून क्लिप बाहेर काढायची, प्रॅक्टिकलच्या परीक्षेला हमखास यायचं. कोणाला बघायचं असेल तर शिवनेरीला जायची गरज नाही, बडोद्यात कुठल्याही पडीक प्लॉटवर रुई आहे.

अवांतर होईल पण सांगतो. ती सोनघंटा आहे ना, अबुटिलॉन रानडेई, ती ना. भा. रानडे यांच्या नावावर आहे. पुण्याच्या सायन्स कॉलेजात वुड्रो साहेबाच्या हाताखाली हे गृहस्थ झाडं गोळा करायचे. तीही अशीच सह्याद्रीतली, तीही अशीच दुर्मिळ. सगळ्या फुलांवर साहेबांची नावं, एखादंच आपल्या माणसाचं, म्हणून लक्षात राहिलंय. आणि डाल्झेल साहेबाच्या आधी गिब्सन म्हणून होता, त्याची सरकारी बाग जुन्नरजवळ हिवऱ्याला होती. त्यामुळे त्या भागातली झाडं साहेबांच्या नजरेला लवकर पडली. आपल्या मेंढपाळांना ती आधीपासून माहीत होती हा भाग वेगळा.

आता माझा प्रश्न. आपल्या पावागढावर असं काही नाही का? दर नवरात्रात लोक जातात, मला गुडघ्यामुळे रोपवेनं जावं लागतं, पण डोंगर तर तसाच कातळाचा आहे.

ईशा_एमएससी
अण्णा, आहे की. सेरोपेजिया ओडोराटा. शिंदळ माकुडीची चुलत बहीण म्हणा हवं तर, त्याच कुळातली, नाजूक वेल, जमिनीत कंद आणि पिवळं फूल. सेरोपेजियाला मराठीत खरपुडी, कंदीलपुष्प म्हणतात. नळीसारखं फूल, आत खाली वळलेले केस, माशी आत घसरते आणि केस वाळेपर्यंत बाहेर येता येत नाही, मग पराग घेऊन सुटते. बहुतेकींना वास नसतो नाहीतर घाण असतो, ही मात्र सुगंधी, नावातच आहे. पावागढावर तिची नोंद आहे, शिवाय अबूला आणि मेळघाटात. तीही धोक्यातली. खरपुड्यांचे कंद गोड लागतात म्हणून माणसं खणतात, रानडुकरं आणि साळिंदर पण खणतात. तिथं गर्दी, प्लास्टिक, पायऱ्यांची कामं सगळं चालू असतं. बडोद्याच्या लोकांना खरंच काही करायचं असेल तर शिवनेरीपेक्षा पावागढ आपल्या अंगणात आहे.

हिशेबी
कायदा काय म्हणतो? बेकायदा असेल तर विषयच संपला, एवढी चर्चा कशाला?

सयाजीगंज_वकील
तितकं सोपं नाहीये. वन्यजीव कायद्यात १९९१ साली वनस्पतींसाठी सहावं परिशिष्ट आलं तेव्हा त्यात सहाच नावं होती, घटपर्णी, कूठ, लेडीज स्लिपर ऑर्किड, निळा वांडा, लाल वांडा आणि एक सायकस. शिंदळ माकुडी त्यात नव्हती. पण म्हणून मोकळं रान नाही. राखीव जंगलातून काही उपटायचं तर १९२७ चा वन कायदा आहे. शिवनेरी केंद्राचं संरक्षित स्मारक आहे, तिथं तोडफोड केली तर १९५८ चा कायदा लागतो. २००२ चा जैवविविधता कायदाही आहे. अडचण पुराव्याची. कुरिअरच्या खोक्यातली कांडी कड्यावरची की कुंडीतली हे कोर्टात कोण सिद्ध करणार? त्यामुळे कायद्याच्या भरवशावर राहू नका, गिऱ्हाइकानंच विचारायला पाहिजे.

दांडियाबाजारकर
मग विचारायचं काय नक्की? ओळखायचं कसं?

नर्सरीवाला_अलकापुरी
हे मी सांगतो. जंगलातून आणलेल्या कांडीचं बूड लाकडी झालेलं असतं, जुनं, गाठाळ, आणि मुळं तुटलेली, कारण भेगेतून ओढून काढलेली असतात. अंगावर ओरखडे, कुरतडल्याच्या खुणा, कधी शेवाळ-दगडफूल चिकटलेलं. लांबी एकसारखी नसते. नर्सरीतल्या कांड्या साधारण एका मापाच्या, कापलेलं टोक ब्लेडनं साफ, मुळं आली असतील तर पांढरी कोवळी आणि त्यांना कोकोपीट नाहीतर वाळू चिकटलेली. मग विक्रेत्याला सांगायचं की आई-कुंडीचा फोटो पाठव, आजचा, बाजूला आजचा पेपर ठेवून. ज्याच्याकडे आई-कुंडी आहे तो दोन मिनिटांत पाठवेल, आम्हाला उलट कौतुक असतं दाखवायचं. आणि जाहिरातीत गडाचं नाव मोठं करून लिहिलेलं असेल तर मी तिथूनच मागं फिरतो. जंगलातलं म्हणून जास्त भाव मागणं, त्याचा अर्थ काय तो तुम्हीच समजा.

ट्रेकवाला_पिंट्या
मला एक वेगळंच टोचतंय आता. आमचा ग्रुप गडसंवर्धन करतो. गेल्या वेळी एका गडावर (शिवनेरी नाही) तटावरची झाडी काढली, सगळी, वरून खालपर्यंत एकदम क्लीन, आणि मुळं परत फुटू नयेत म्हणून औषध पण मारलं. फोटो टाकल्यावर किती वाहवा झाली. आता वाटतंय त्यात काय काय होतं कोणी बघितलंच नाही. पण तट पण वाचायला पाहिजे ने? पिंपळाचं मूळ बुरुजात घुसलं की दहा वर्षांत बुरूज खाली.

जुन्नरची_लेक
पिंपळ, उंबर, वड काढा की, त्याला कोण नको म्हणतंय. पण कातळाच्या भेगेतली वीतभर झुडपं बुरूज पाडत नाहीत. ते तणनाशक मात्र पहिलं बंद करा. फवारा मारला की वाऱ्यानं खाली कड्यावर जातो, पावसानं आणखी खाली. आणि झाडोरा काढायला पावसाळ्यानंतर लगेच कशाला जाता, तेव्हाच तर सगळं फुलावर-शेंगेवर असतं.

दुसरं ते वृक्षारोपण. आमच्याकडं दर जुलैला कुठली ना कुठली संस्था येते, उतारावर खड्डे घेते, गिरिपुष्प लावते, फोटो काढते, जाते. उघडा कातळ दिसला की लोकांना वाटतं ओसाड आहे, हिरवा करूया. ओसाड नाहीये हो ते, तेच तिचं घर आहे. सावली पडली, पालापाचोळ्याची माती साठली की तिथं दुसरंच काहीतरी माजतं.

आणि वणवा. उन्हाळ्यात गवत पेटवतात, नवीन कोवळं फुटावं म्हणून, नाहीतर कोणीतरी विडी टाकतं. कड्याच्या माथ्यावरचं गवत पेटलं की धग खालपर्यंत लागते.

हिशेबी
मग चराई पूर्ण बंद करा ना गडाच्या भोवती. कुंपण घाला. प्रश्न मिटला.

जुन्नरची_लेक
काका, ती शेरडं कोणाची आहेत? ज्यांची दोन एकर कोरडवाहू आहे त्यांची. फूल वाचवायला त्यांनीच का भरपाई द्यायची? बडोद्यात एसीत बसून कुंपण घाला म्हणायला काय जातंय.

ईशा_एमएससी
आणि कुंपणानं दरवेळी भलं होतंच असं नाही. साताऱ्याजवळच्या कास पठाराचं उदाहरण आहे. २०१२ ला सह्याद्रीच्या जागतिक वारसा जागांमध्ये कास आलं, गर्दी उसळली, कुंपण घातलं, गुरं बंद झाली. मग गवत माजलं आणि फुलं कमी झाली अशी ओरड सुरू झाली, शेवटी कुंपण काढायची वेळ आली. पठारावरच्या बुटक्या फुलांना गुरांनी गवत खाल्लेलं फायद्याचं असू शकतं, कड्यावरच्या माकुडीला शेळी मारकच. प्रत्येक झाडाचं गणित वेगळं, एकच औषध सगळ्यांना नाही चालत. शेळ्यांचं म्हणाल तर ताईंचं पटतं मला, चार-दोन कपारींच्या तोंडाशी काटे टाकून ठेवणं गावातल्याच गुराख्यांना सांगता येईल, रोजगार देऊन. त्यांनाच माहीत असतं कुठं काय आहे.

ट्रेकवाला_पिंट्या
ओके, मग प्रपोजल. जयंतीची बस तर जाईलच, पण या वर्षी फुलाच्या वेळेला एक छोटी ट्रिप काढूया का, पंधरा-वीस जणं. ज्यांना ते नेमकं कुठं दिसतं माहीत आहे त्यांनी इथं मॅपवर पिन टाका म्हणजे शोधायला वेळ जाणार नाही.

संपादक
इथं लगेच थांबवतो. या धाग्यावर कोणीही पिन, कड्याचं वर्णन, 'अमुक टाक्याच्या डाव्या हाताला' असलं काही टाकू नये. टाकलं तर प्रतिसाद उडवला जाईल.

हिशेबी
पण गडाचं नाव तर वरच आलंय, पुस्तकात पण आहे म्हणता. मग लपवायचं काय राहिलं?

ईशा_एमएससी
गडाचं नाव दीडशे वर्षं छापलेलं आहे, त्यानं काही होत नाही, गड केवढा मोठा आहे. कुठली कपार हे कळलं की मात्र काम तमाम. आणि लोक पिन टाकत नाहीत पण फोटो टाकतात, मोबाईलच्या फोटोत लोकेशन आपोआप चिकटलेलं असतं. चोराला तुमची पोस्ट वाचायची पण गरज नाही. कॅमेऱ्याच्या सेटिंगमध्ये लोकेशन बंद करा, आणि मागं बुरूज, टाकं, दरीतलं गाव असं काही येईल असा अँगल घेऊ नका. दुर्बीण नाहीतर झूम लेन्स घेऊन पायवाटेवरूनच बघा. दोर लावून खाली उतरायचं नाव काढू नका, दोराच्या घासण्यानंच दोन झाडं जातील.

दांडियाबाजारकर
अपडेट देतो. त्या विक्रेत्याला मेसेज केला, नर्सरीवाल्या दादांनी सांगितलं तसंच, आई-कुंडीचा फोटो पाठवा, आजचा. आधी म्हणे 'सर जेन्युइन आहे'. मी म्हटलं जेन्युइन आहे म्हणूनच विचारतोय. मग म्हणे 'सर फार्मवर आहे, आत्ता फोटो नाही'. मग अर्ध्या तासानं, 'तुमच्यासाठी साडेतीनशे'. मी परत फोटो मागितला तर ब्लॉक केलं मला! ग्रुपच्या अ‍ॅडमिनला स्क्रीनशॉट पाठवलेत, बघू काय करतो, पाच पीस तर विकून झाले असणार.

अण्णा_राजमहालरोड
शाब्बास. अ‍ॅडमिननं काही केलं नाही तर तिथल्या वनखात्याला पाठव. ते करतील न करतील, आपण पाठवावं.

नर्सरीवाला_अलकापुरी
दांडियाबाजारकर, पुढच्या पावसाच्या आधी या दुकानी, माझ्या झाडाची कांडी देतो, पैसे नकोत. अट एकच, लागली की पुढं दोघांना कांडी द्यायची आणि कोणाची कुठून आली ते कुंडीवर लिहून ठेवायचं. माझ्याकडे आई-झाडाची नोंद आहे ती पण देईन.

जुन्नरची_लेक
चांगलं आहे दादा, पण फुकट कांड्या वाटून कडा वाचत नाही एवढं फक्त लक्षात असू द्या. नाहीतर सगळ्यांना वाटेल आपण काहीतरी केलं.

नर्सरीवाला_अलकापुरी
मान्य आहे ताई. कडा मला वाचवता येत नाही, गिऱ्हाईक तेवढं वळवता येतं. तेवढं करतो.

ट्रेकवाला_पिंट्या
पिन नको तर नको, चुकलंच माझं ते प्रपोजल नव्हे तर त्यातलं शेवटचं वाक्य. ट्रिप मात्र पक्की करतोय. गणपती झाल्यावर, नवरात्राच्या आधी. जुन्नरच्या ताई, गावातला एखादा माहीतगार गुराखी वाटाड्या म्हणून मिळेल का, दिवसाचे पैसे व्यवस्थित देऊ. ईशा, तू येतेस ने? आणि आमच्या ग्रुपला एकदा दाखव काय काढायचं आणि काय सोडायचं. तणनाशकाचे उरलेले दोन कॅन आहेत माझ्याकडे, ते गडावर जाणार नाहीत हे नक्की.

जुन्नरची_लेक
वाटाड्या मिळेल. चुलतभावाला विचारते. पण फूल दिसेलच असं तो कबूल करणार नाही आणि तुम्ही त्याला भरीस घालायचं नाही. नाही दिसलं तर नाही दिसलं.

ईशा_एमएससी
येते. परीक्षेच्या तारखा लागल्या की सांगते.

दांडियाबाजारकर
पिंट्या, माझी दोन सीट धर. बायको विचारतेय येताना लेण्याद्री आणि ओझर होतील का, तिचे अष्टविनायकातले तेवढेच दोन राहिलेत. लेण्याद्रीच्या पायऱ्या तिला जमतील, माझं सांगता येत नाही.